दाराआडची बाई

प्रिय म्हाळसा,

फोनवर तू मला बोलूच दिलं नाहीस, म्हणून कागद घेतलाय. पत्र मधेच कट करता येत नाही. चहा ठेव, बस आणि शेवटपर्यंत वाच.

तुझी तक्रार कळली. नव्या मालिकेत मी रुपयाएवढं कुंकू लावून मोठ्या घरची सासू झालेय, आणि आमच्या ह्यांना जाऊन अजून वर्षही झालेलं नाही. तुमच्या राहू गावात बाया बोलतात म्हणे. बोलू देत. चोवीस वर्षं मी पडद्यावर विधवा होत होते आणि घरी नवरा ठणठणीत होता, तेव्हा कुणाला काही खटकलं नाही. शॉट संपला की पाण्याचा घोट घेण्याआधी मी कुंकू लावायची, ह्यांना काही होऊ नये म्हणून. जायचे ते गेलेच. या मालिकेच्या पहिल्या दिवशी मेकअप करणाऱ्या नागसेनचं बोट माझ्या कपाळाजवळ येऊन थांबलं. बिचाऱ्याला सगळं माहीत होतं. मी म्हटलं, लाव, आणि चांगलं ठसठशीत लाव. शूटिंग नसतानाही मी टिकली काढत नाही. परवा कारेगावच्या दुकानात कंपनीतून सुटलेली एक बाई मैत्रिणीला म्हणाली, ‘ये तो वही विधवावाली माँ है,’ आणि माझं कपाळ बघून गोंधळली. मी हसले आणि साबण घेऊन निघाले.

पण एक गोष्ट तुला कधी सांगितली नाही. माझं पहिलं काम आठवतं? एक वाक्यही नव्हतं. हळदीकुंकवाचा सीन, मी घरातली विधवा. मी फक्त दारापर्यंत आले, बाया पाहिल्या, हात कपाळाकडं गेला, तो तसाच वळवून पदर सारखा केला आणि दाराआड झाले. तेवढ्यावर मला पुढची कामं मिळाली, एक बक्षीसही मिळालं. लोक विचारतात, हे कुठं शिकलात. मी खोटं सांगते.

मी ते तुझ्याकडून उचललं, म्हाळसा. आपल्या चुलतबहिणीच्या, सुलक्षणाच्या हळदीत तू हळदीची वाटी घेऊन बाहेर आलीस. तेवीस वर्षांची होतीस, नवरा नुकताच गेला होता, अंकिता कडेवर होती. कुणी तुला काही म्हटलं नाही. तूच बायांकडं पाहिलंस, हात कपाळाकडं नेलास आणि मागं सरलीस. मी सख्खी बहीण, पाच पावलांवर उभी होते. उठून तुझा हात धरायचा सोडून मी तुला निरखत बसले. मग आयुष्यभर ते विकून खाल्लं. याची मला लाज वाटते.

आता रविवारी तुझ्या त्याच अंकिताची हळद आहे. फोन ठेवताना तू किती सहज म्हणालीस, “आक्का, आपुन दोघी आतल्या खोलीत बसू. तांदूळ निवडायला बी कुणी लागतंच की.” त्या रात्री मला जेवण गेलं नाही. तुझ्या आधी अंकिताचा फोन येऊन गेला होता. तुझ्यासमोर बोलायचं धाडस होत नाही, म्हणून तिनं निरोप माझ्यावर सोपवलाय. तिचेच शब्द लिहिते: “मावशी, पयली हळद आईच लावल. न्हाई तर मी पाटावर बसायचीच न्हाई.” पोरगी तुझ्यासारखी नाही, बरं झालं. शनिवारी मी केडगावला उतरून रिक्षानं येते, कुंकू लावूनच येते. कुणाला काय बोलायचं ते माझ्याशी बोलू दे, मला पाठ केलेली वाक्यं लागत नाहीत. आणि लग्नाचे तांदूळ मी इथूनच निवडून आणतेय, सगळे. आतल्या खोलीत तुला काही काम उरलेलं नाही.

तुझीच,
तुळजाआक्का