तुंबा छकुलीच्या नावे

मी, हर्षल भगवंतराव उमाळे, मूळ राहणार सोनाळा, तालुका संग्रामपूर, सध्या समुद्रकाठी पवनचक्क्यांच्या खांबांना रंग देण्याच्या कामावर, पूर्ण शुद्धीत, कोणाच्या धाकाशिवाय हे मृत्युपत्र लिहून ठेवतो. माझी शाळा अर्धीच झाली. वकिली शब्द खोलीतल्या सोबत्याने, अमडापूरच्या नागसेनने, सांगितले. बाकीचे माझे आहेत.

आधी तुंब्याचे, कारण भांडण त्याच्यावरच होईल.

आमच्याकडे वेळ तुंब्यात मोजतात. वाळलेला दुधी, पोटाला काचेची खिडकी, आत रुईच्या बोंडातली एक पांढरी म्हातारी, म्हणजे वाऱ्यावर उडते ते कापशी बी. ती हळूहळू खाली उतरते. तळाला टेकायच्या आत वरच्या भोकातून फुंक मारायची, की ती परत वर जाते आणि घराची वेळ पुढे सरकते. परगावी जाणाऱ्याला त्याच बोंडातली दुसरी म्हातारी घालून लहान तुंबा देतात; त्याची वेळ त्यात चालते. माझा माझ्या उशाशी आहे.

तुंबा जिवंतपणी देता येत नाही, मागे ठेवता येतो. मालक गावी नसला तर त्याची आई सांभाळते. बाबा आजारपणात वारले, तेव्हा घरचा तुंबा माझ्या नावे ठेवून गेले. माझ्या पायाला भिंगरी आहे हे त्यांना माहीत होते. त्यांना वाटले, तुंब्याच्या ओढीने पोरगा घरी बसेल.

मी भाऊबीजेच्या दुपारी निघालो. आईने, सत्यभामाबाईने, तुंब्याच्या भोकाला मेण लावले. म्हातारी मधेच तरंगत राहिली. तेव्हापासून आमच्या घरात भाऊबीजच आहे. ताटातला दिवा विझत नाही. परसातले वांग्याचे फूल फूलच राहते. चहा उकळीच्या बेतात असतो. पोरगा परत येईल तेव्हा त्याचे काही हुकलेले नसावे, एवढेच आईच्या मनात.

पण घराबाहेर सोनाळा चालूच आहे. माझी लहान बहीण छकुली अजून सातवीत, आणि तिच्या सोबतच्या पोरी कॉलेजात गेल्या. फोनवर म्हणते, "दादा, तोच फ्रॉक, तीच वेणी. माह्या बाकावरची सारिका आता मले बाळा म्हणते."

मागून आई, "तुहा दादा येऊ दे, मंग काढीन मेण."

"तो नाही येत वं आई. त्याले घर टोचते."

पोरगी खरे बोलली. त्या भाऊबीजेआधीही बाहेरून घरी आलो, की चार दिवसांत रस्त्याकडे बघायला लागायचो; निघाल्यापासून तर गेलोच नाही.

म्हणून आज मी माझ्या तुंब्यात फुंक मारणार नाही. ज्याची म्हातारी तळाला टेकली तो गेला, असे सोनाळ्यात धरतात. तो झोपतो. भूक थांबते, वय थांबते. नव्या मालकाने फुंक मारली तरच उठतो. हे सांगितल्यावर नागसेन म्हणाला, "तू मरून झोपणार का झोपून मरणार, काय लिहायचं बे?" जे लिहायचे ते हे: म्हातारी टेकताक्षणी दोन्ही तुंबे छकुलीचे. त्यावर आईचा किंवा आणखी कोणाचा हक्क नाही.

माझी मोटारसायकल चुलतभाऊ गोपालला. तो चारचौघांत म्हणाला होता, "तू त पाहुणा हायेस बे या घरचा." गाडीचा हॉर्न मनात येईल तेव्हा वाजतो, हे त्याला आधी सांगू नये. ब्रश आणि कमरेचा पट्टा नागसेनला. वावरातला माझा वाटा आईला. तिला कोणी बोलू नये. पोळ्या झाकून ठेवतात तशी तिने वेळ झाकून ठेवली.

छकुले, आधी मेण काढ. दिवा विझेल, घाबरू नको. तुला वाटेल तेवढी मोठी हो. जायचे तिकडे जा. माझा लहान तुंबा नागसेन आणून देईल. घाई करू नको, पण विसरूही नको. एखाद्या भाऊबीजेला सवड झाली तर त्यात एक फुंक मार.

मी उठून येईन. तोवर तू माझ्याहून मोठी झाली असशील. मी पाटावर बसेन आणि तुला ताई म्हणेन.

वरील सर्व वाचून, पटून सही केली.
हर्षल भगवंतराव उमाळे

साक्षीदार: १) नागसेन, अमडापूर. २) जनकाबाई, आमच्या मेसवाल्या. त्यांनी सहीखाली लिहायला लावले: "मले पटलं नाही. पण पोरानं पोटभर जेवून सही केली."

ठिकाण: समुद्रकाठ.
दिनांक: इथे १४ फेब्रुवारी २०२५. सोनाळ्यात आमच्या घरी भाऊबीज, दुपार, अजून थोडा वेळ.