दोन शिट्ट्या

३ डिसेंबर, बुधवार

सकाळी दुकान उघडत नाही तर रफीकचा फोन. "उत्तम, पुन्हा अटकली बे. निळी पट्टी पूर्ण भरते अन् मंग काहीच नाही." समोर विम्याचे फॉर्म भरणाऱ्यांची रांग होती. म्हटलं, संध्याकाळी येतो.

गेलो. त्याचा तो ट्रकचा ऑनलाइन गेम. कुठकुठले लोक आपापल्या गाड्या घेऊन एका रांगेत निघतात. साडेसातला काफिला सुटतो, थांबत नाही कोणासाठी. गेम उघडणं, लॉगिन, सर्व्हर, गाडी निवडून रांगेत उभी करणं, हे सगळं मी लिहिलेली स्क्रिप्ट आपोआप करते. रफीकचा उजवा हात कोपरापासून नाही, डाव्याला अंगठा अन् एक बोट, एवढी बटणं तो कशी दाबणार. स्क्रिप्ट गाडी तयार करून देते, मग हा पायाखालचं पॅडल दाबतो अन् निघतो, वळवायला अंगठा अन् बोट पुरतं. शिलाई मशीनचं जुनं पॅडल. बटण मीच बसवलं त्यात.

गेम लोड व्हायला चाळीस सेकंद थांब, असं स्क्रिप्टमध्ये लिहिलं होतं. नव्वद केले. एकदा चालली. रफीक खूश.

मी नाही. नव्वद हा आकडा मी हवेतून काढला.

५ डिसें., शुक्र.

पुन्हा अटकली. दुपारी त्याची नमाज झाल्यावर गेलो. चार वेळा लावून पाहिली, तीनदा गोठली. गोठली म्हणजे चूक दाखवत नाही, बंदही होत नाही. नुसती तिथंच.

लोड होताना लॅपटॉपचा पंखा फिरतो. आधी बारीक घरघर, मग चढत चढत जातो. आमच्या कापसाच्या जिनिंगमधली मशीन सुरू व्हायची तशीच. चौथ्या वेळी मी उठून अंगणात गेलो.

रफीकची बायको, नसीमभाभी, दोरीवरचे वाळलेले कपडे काढत होत्या. "काय झालं उत्तमभाऊ?"

"काही नाही. मोबाइलले रेंज पाहून राह्यलो."

परत आत गेलो तर पंखा बंद होता, तरी आवाज होताच. घरी येईपर्यंत होता. याच्यापुढे त्या आवाजाला नुसतं 'आ.' लिहीन. बायको, कविता, कधी कधी ही वही उचलते.

७ डिसें., रवि.

दुकान बंद. दिवसभर कोड घेऊन बसलो. सापडलं बहुतेक.

माझी स्क्रिप्ट गेमच्या खिडकीला विचारते, तयार आहेस का? गेम लोड होत असतो तेव्हा कोणालाच उत्तर देत नाही. अन् स्क्रिप्ट उत्तराशिवाय पुढच्या ओळीवर जात नाही. दोघंही उभे. म्हणजे गेम गोठत नाही, त्याला थोडा वेळ पाहिजे असतो. गोठते माझी स्क्रिप्ट.

विचारायचंच नाही मग. नुसतं पाहायचं. गेम पूर्ण उघडला की खाली कोपऱ्यात हिरवं स्टेअरिंग येतं. तो हिरवा रंग दिसेपर्यंत दर सेकंदाला बघायचं, दिसला की पुढं. दोन मिनिटांत नाही दिसला तर बंद करून पहिल्यापासून.

सोपं आहे. खात्री झाल्याशिवाय पुढं जायचं नाही, एवढंच.

कविता म्हणे, जेवून तर घ्या. जेवण गेलं नाही. आ. नाही आज, तरीही.

९ डिसें., मंगळ.

नवीन स्क्रिप्ट टाकली. सोबत लॉगही ठेवला, म्हणजे ती जे जे करते ते वेळेसकट एका फाइलमध्ये लिहिलं जातं. रफीकला ते फार आवडलं. वाचून दाखव म्हणे. मी वाचलं. अमुक वाजता गेम सुरू केला, अमुक वाजता हिरवा रंग दिसला, अमुक वाजता गाडी रांगेत.

"म्हंजे कोण्या टाइमले काय झालं ते सगळं लिवते हे?"

"हो."

"भारी हाये." थोडा वेळ पायाने पॅडल उगीच हलवत राहिला. मग म्हणे, "तवा असं लिवणारं काही असतं तर बरं झालं असतं यार. मले त्या दिवसाचं काहीच आठवत नाही. जिनमधी घुसलो तेवढं आठवते, मंग एकदम दवाखाना. पण शिट्टी म्याच वाजवली असंल. सवयीनं वाजली असंल तोंडातून. नाही तर तू कायले दाबशीन?"

मी लॅपटॉपकडे पाहत होतो.

"माह्यीच चुकी," रफीक म्हणे. एखाद्याने आपली उंची सांगावी तसं.

आज काफिल्यात पहिल्यांदा वेळेवर निघाला. मी थांबलो नाही पाहायला.

१० डिसें.

गेलो नाही.

११ डिसें., गुरु.

लिहूनच टाकतो. कविताने वाचलं तर वाचलं.

जिनिंगमध्ये रफीक फिटर, मी पॅनलवर. मधे भिंत. मशीन अडकली की तो रोलरमध्ये हात घालून कापूस काढायचा. आत इतका गोंगाट की हाक ऐकू यायची नाही, शिट्टी तेवढी यायची, म्हणून आमच्यातच ठरलं होतं. काम झालं, हात बाहेर आला की तो तोंडाने दोन शिट्ट्या वाजवणार. दोन ऐकल्या की मी मशीनचं बटण दाबणार. तीन सीझन तसंच चाललं.

त्या दिवशी गेटबाहेर कापसाच्या गाड्या उभ्या होत्या. मॅनेजर दोनदा माझ्याकडे येऊन गेला. "राठोड, झोपला का?" तिसऱ्यांदा आला तेव्हा मी म्हटलं, झालंच असेल.

शिट्टी वाजली नव्हती. दोन नाही, एकही नाही.

चौकशीला कागदावर लिहून दिलं, दोन शिट्ट्या ऐकल्या. सही केली. रफीक तेव्हा नागपूरला दवाखान्यात. नंतर चौकशीवाल्यांनी त्याला विचारलं तर तो म्हणे, उत्तम म्हणतो म्हणजे वाजवली असेल मी.

तीन वर्षं झाली. नोकरी सोडून आर्णीत हे फॉर्मचं दुकान टाकलं. त्याचं पॅडल केलं, स्क्रिप्ट केली, लॅपटॉप दुरुस्त करून दिला. लोक म्हणतात दोस्ती असावी तर अशी.

आ. लिहिताना पूर्ण वेळ.

१३ डिसें., शनि.

पाचातून एकदा अजूनही गोठते. लॉगमध्ये दर सेकंदाला "हिरवा नाही, हिरवा नाही", दोन मिनिटं. मग बंद करून पुन्हा, तरी तेच.

पण आज निघाला तो. मी शेजारी बसलो होतो. घाट होता, समोर दहा-बारा गाड्या, मागे तेवढ्याच. रफीकची जीभ दातांत. पाय असा अलगद पॅडलवर, जसा पूर्वी कोणाची गाडी दुरुस्त केली की एक चक्कर मारायचा तेव्हा. मधेच ओरडला, "अबे पंजाबवाल्या, डिपर मार ना!" तिकडून कोणीतरी हॉर्न दिला. रफीक इतका हसला की भाभी दारात आल्या पाहायला.

भाभी त्याच्याकडे नाही, माझ्याकडे पाहत होत्या.

१६ डिसें., मंगळ.

रफीकला मेकॅनिकच्या दुकानात सोडून (बसतो तिथे दुपारचा, पोरांना सांगतो कोणता नट कुठे) भाभी लॅपटॉपचं चार्जर घ्यायला माझ्याकडे आल्या. गिऱ्हाईक नव्हतं. मी चार्जर दिलं अन् एकदम बोलून गेलो. ठरवलं नव्हतं.

सगळं सांगितलं. मॅनेजर, गाड्या, कागदावरची सही.

भाभी स्टुलावर बसल्या. चार्जरची वायर गुंडाळत राहिल्या, गुंडाळलेलीच होती ती. मग म्हणाल्या, "तुमाले माहीत हाये का, हे झोपेत काय करते? ओठ असे करते. फू फू. आवाज निघत नाही. तीन साल झाले पाहून राह्यली मी. सकाळी उठून विचारते, नसीम, मी वाजवली होती ना?"

भाभींनी वायर मांडीवर ठेवली.

"मी काय सांगू त्यायले? मी होती का तिथं?"

"मी सांगतो," म्हटलं.

"मी काहीच ऐकलं नाही," भाभी उठल्या. "तुमी मले काही बोलले नाही. जे बोलाचं ते त्यायच्याशी बोला." दारापर्यंत गेल्या, वळल्या. "पण उत्तमभाऊ, सांगसान तर पूर्ण सांगा. अर्धं सांगून जाऊ नका."

आ. रात्री नाही, भरदुपारी, दुकानात, रस्त्यावर रिक्षा असताना.

१८ डिसें., गुरु.

रफीकचे चार फोन. उचलले नाहीत. पाचव्याला उचलला. "अटकली. येतं का?" खोटं बोललो, घाटंजीला आलो म्हटलं, इथूनच पाहतो.

दुकानातून त्याचा लॅपटॉप उघडला. दुरून चालवायची सोय मीच करून ठेवली आहे. त्याचा स्क्रीन माझ्या स्क्रीनवर. निळी पट्टी भरलेली, पुढे काही नाही. मी गेम बंद केला.

तेवढ्यात तिकडे एक कोरी फाइल उघडली. मी उघडली नव्हती. मग एकेक अक्षर यायला लागलं. फार हळू. एक अक्षर, मग इतका वेळ की वाटावं संपलं, मग दुसरं. एका बोटानं.

उत्तम

मग खूप वेळ काही नाही.

नाराज हाये का

मी हात मांडीवर ठेवून बसलो. त्याला दिसत नव्हतं मी आहे की नाही. कर्सर लुकलुकत होता. तो तिथे, मी इथे, मधे दोन गल्ल्या.

टाइप केलं, नाही रे. रविवारी येतो.

२१ डिसें., रवि.

सकाळी दहाला गेलो. आज सोडवायचंच म्हणून.

सापडलं. गेम नवीन भाग उतरवतो तेव्हा विंडोज परवानगी मागते, हो की नाही. तो छोटा चौकोन गेमच्या मागे उघडतो, म्हणून दिसत नाही. पुढे निळी पट्टी, मागे कोणी उत्तराची वाट पाहत उभं. आम्ही दोघं इतके दिवस पुढंच पाहत होतो. स्क्रिप्टमध्ये टाकलं, आधी मागे पाहा, चौकोन असेल तर त्याला उत्तर दे, मग पुढं. लागोपाठ अकरा वेळा लावली. अकराही वेळा उघडली.

रफीकनं डाव्या हाताने माझ्या पाठीवर मारलं. "आता तू नसला तरी चालन बे! खालीपिली तुले त्रास देत होतो."

गाडी स्क्रीनवर तयार उभी होती. पॅडल दाबलं की निघणार.

"रफीक, शिट्टी वाजली नव्हती," मी म्हटलं.

त्याला कळलं नाही आधी. "कोणती?"

"त्या दिवशी. तू वाजवली नव्हती. एकही नाही. मॅनेजर मागं लागला होता अन् मी दाबलं. कागदावर खोटं लिहिलं. तुह्यी चुकी नव्हती."

पंखा फिरत होता. रफीक स्क्रीनकडे पाहत होता, गाडीकडे.

"एकही नाही?"

"नाही."

"मी आवाज दिला होता? ओरडलो होतो?"

"बटण दाबल्यावर. त्याच्या आधी नाही."

स्वयंपाकघरातून भांड्याचा आवाज यायचा थांबला होता.

रफीकनं डाव्या अंगठ्याने ओठ पुसले. बराच वेळ पुसत राहिला. मग म्हणे, "तीन साल मी स्वतःले शिव्या देल्या." नंतर, "जाय उत्तम."

"रफीक..."

"जाय म्हणून राह्यलो ना."

चपला घालताना भाभी दिसल्या, चुलीपाशी पाठमोऱ्या. वळल्या नाहीत.

२३ डिसें.

फोन नाही. आ. नाही. आ. नसला की बरं वाटेल असं वाटत होतं.

२५ डिसें., गुरु.

दुकानात गेमचं पान उघडून ठेवतो. काफिल्यातल्या लोकांची नावं दिसतात, जो गेममध्ये आला त्याच्यापुढे दिवा लागतो. सव्वासातला रफीकच्या नावापुढे दिवा लागतो. साडेसातला काफिला निघतो. त्याचं नाव निघालेल्यांत नसतं. नऊला दिवा विझतो. गेले तीन दिवस असंच.

कविताने विचारलं, झालं काय तुमच्या दोघांचं? सांगितलं. तीन वर्षांत पहिल्यांदा. ती भाकरी थापत होती. तवा उतरवला, अन् उठून बाहेर ओट्यावर जाऊन बसली. मी मागे गेलो नाही.

२८ डिसें., रवि.

दुपारी भाभी घरी आल्या, हातात लॅपटॉपची बॅग. "अटकलं म्हंते."

"रफीकनं पाठवलं?"

"उत्तमले दाखव असं नाही म्हटलं. दाखवून आण म्हटलं. कोणाले ते नाही सांगितलं."

उघडून पाहिलं. लॉग वाचला. रोजचं एकच. गेम वेळेवर उघडला, चौकोनाला उत्तर दिलं, हिरवा रंग दिसला, गाडी रांगेत, पॅडलची वाट. अन् पॅडल नाही. पावणेदोन तास पॅडल नाही. बिघाड काहीच नाही. तीनदा तपासलं, वायर, बटण, सगळं.

"काय झालं हाये त्याले?" भाभींनी विचारलं.

"काही नाही झालं, भाभी. चालू आहे."

त्या माझ्याकडे पाहत राहिल्या. मग बॅग तिथेच ठेवून उठल्या. "मंग तुमीच आणून द्या. मले हे सांगता नाही येणार."

पाच वाजता गेलो. कविता म्हणे, मी येऊ? म्हटलं नको.

दार उघडंच होतं. रफीक पलंगावर बसलेला, दाढी वाढलेली. मी बॅग टेबलावर ठेवली, लॅपटॉप काढला, वायर लावली, पॅडल त्याच्या पायाशी सरकवलं. त्यानं पाय मागे घेतला नाही.

"काय होतं?" म्हणे. माझ्याकडे न पाहता.

"काहीच नाही. ठीक आहे."

"अस्सं."

जा म्हणाला नाही. बस म्हणाला नाही. भाभींनी आतून खुर्ची आणून माझ्याजवळ ठेवली अन् परत गेल्या. मी उभाच राहिलो. बाहेर अंधारून आलं, मशिदीत अजान झाली, रफीक उठून नमाजला गेला, आला, पुन्हा तिथेच बसला. मी तिथेच होतो.

त्यानं खुर्चीकडे पाहिलं. मग माझ्याकडे, गेल्या रविवारनंतर पहिल्यांदा.

"त्या दिवशी कोणता मॅनेजर होता बे?" म्हणे.

मी सांगितलं.

"अन् तू काय लिवून देल्तं, ते पुरं सांग. एकेक शब्द सांग."

मी सांगायला लागलो.