चाळीस रूथ

मंगळवार, संध्याकाळ. सीवूड्स.

आज महापेला, आमच्या व्हीएफएक्सच्या ऑफिसात, गाण्याचा पूर्ण शॉट पाहिला. हिरोइनच्या मागे कॉम्प्युटरने बनवलेल्या चाळीस जणी नाचतात, आणि चाळीसही जणींची डावी टाच तिसऱ्या काउंटला किंचित उशिरा टेकते. ती टाच रूथची आहे.

रूथ लंडनची, आमच्याकडे पेइंग गेस्ट. इथे दोन सिनेमांत मागच्या रांगेत नाचली, हा तिसरा. तिच्या अंगावर सेन्सर मीच बांधले, तिचा नाच कॉम्प्युटरवर मीच उतरवला. माझे बॉस निखिलसर म्हणाले होते, "फक्त कॅमेऱ्याची तालीम आहे, नंतर डिलीट करू." मी तिला तेच सांगितलं. तिने संमतीचा फॉर्म न वाचता सही केली, कारण सांगणारी मी होते.

आज सरांना विचारलं. "अगं, टेन्शन काय घेतेस? सही आहे ना तिची? आता डान्सर बोलवायच्याच नाहीत. तेवढी टाच नीट कर."

घरी आले तर रूथ हॉलमध्ये तीच टाच घोटवत होती. आई म्हणाली, "दुपारपासून थांबली नाही पोरगी. शूटिंग कधी गं तिचं?"

"सोमवारी ना?" रूथने मराठीत विचारलं.

"अजून कळलं नाही," मी म्हटलं.

जेवायच्या आधी तिला सांगायचं आहे. 'सरांनी मला फसवलं' इथून सुरुवात करणार होते. पण त्या दिवशी त्यांनी तिच्या चेहऱ्याचंही स्कॅन घ्यायला लावलं होतं. कॅमेऱ्याच्या तालमीला चेहरा लागत नाही, हे मला तेव्हाही माहीत होतं.