अलवी : डोंगरातून वर

सोम. ४ जुलै १९९४, रोहा
पेणच्या वाचनालयाचं पत्र आलं. श्रावणातल्या व्याख्यानमालेत एक दिवस माझा. विषय कुठलाही!! एकतीस वर्षं दुसऱ्यांनी लिहिलेलं पुस्तक शिकवलं, आता निवृत्त झाल्यावर कुणीतरी विचारतंय की बाई, तुम्हाला काय सांगायचंय.
यांना म्हटलं, अलवींवर बोलणार. हे म्हणाले, "कुणावर?" पंधरा वर्षं घरात त्या कात्रणांची ट्रंक आहे आणि अजून कुणावर! दादा बोटीवर होता तेव्हा सीरियातल्या लताकिया बंदरातून त्याचं पत्र आलं होतं, की इथल्या डोंगरात अलीला मानणारे निराळेच लोक, अलवी, राहतात, धर्माचं विचारलं की विषय बदलतात. त्या पत्रापासून नाद लागला तो लागला.
हे भाषण फसलं तर ट्रंक माळ्यावर. ठरलं.

बुध. ६ जुलै
वाचनालयात फोन केला. लाइनीत खरखर. उचलला काशिनाथने, तिथे लेखनिक आहे. पेणच्या शाळेतला माझाच विद्यार्थी, खाडीकडच्या गावातला. त्यांच्या बोलीत ळ नाहीच, सगळा ल. "काला फला" म्हणायचा. मी फळ्यापाशी उभं करून "काळा फळा" वीस वीस वेळा घोकून घेतलं आहे.
विषय सांगितला. दोनदा. "कललं बाई, झकास हाय," म्हणाला. बरं वाटलं.

रवि. ३१ जुलै
वाचन, टिपणं. भात करपला, हे तसाच जेवले.
मुद्दे - डोंगराळ, गरीब, तंबाखू पिकवणारे. मैदानातली जमीन शहरातल्या जमीनदारांची. पोरींना शहरात घरकामाला पाठवायचे. बाकीचे मुसलमान यांना मुसलमान मानायला का-कू करणारे. फ्रेंचांनी काही वर्षं यांचं वेगळं राज्य काढलं, ते मोडलं. मग वर जायची शिडी एकच, फौज. पोरं भरती झाली, अधिकारी झाली. १९७० मध्ये त्यांच्यातलाच एक विमानदलाचा अधिकारी देशाचा धनी झाला. घरकामाला जाणाऱ्यांच्या जातीतला! हे वाक्य वाचताना दर वेळी माझ्या अंगावर काटा येतो.
हमा शहराचं कात्रण बाजूला ठेवलं. चाळीसच मिनिटं आहेत.

शुक्र. ५ ऑगस्ट
वाचनालयाच्या चिटणिसांचं कार्ड : "विषयाला तुफान प्रतिसाद. खाडीपट्ट्यातूनही विचारणा." मी यांना तीनदा वाचून दाखवलं. हे म्हणाले, लोक बदलतायत. मी म्हटलं, लोकांना कमी लेखू नये.

सोम. १५ ऑगस्ट, झेंडावंदनाआधी
काल भाषण झालं. हसावं की रडावं. दोन्ही करून झालं.
पेणच्या रामवाडी स्टँडवर एसटीतून उतरले तर समोर भिंतीवर फलक, माझं नाव आणि खाली ठसठशीत - "अळंबी : डोंगरातून वर".
सभागृह खच्चून भरलेलं. लावणी उरकलेले शेतकरी, पावसात मीठ बंद म्हणून रिकामे बसलेले मिठागरवाले, पुढच्या रांगेत नऊवारीतल्या बायका. एकाच्या पिशवीत भाताचा पेंढा, अळंबी लावायला कुठला चालेल ते विचारायला आणलेला.
काशिनाथला कोपऱ्यात घेतलं. तो पांढराफटक. "बाई, आमच्याकडं अलंबीच म्हंतात. मला वाटलं फोनवर तुमी आमच्यावानी बोललाव. मंग शुद्ध करून लिवला. तुमीच शिकवलाव ना, ल नाय, ळ!"
माझीच छडी माझ्या पाठीत.
पळून जावंसं वाटलं, खरंच. उभी राहिले आणि सांगून टाकलं, की अळंबीतलं मला ओ की ठो कळत नाही, चूक झाली आहे, ज्यांना जायचंय त्यांनी खुशाल जावं. हशा पिकला. पेंढेवाला आणि दहाबारा जण उठले. मग पुढच्या रांगेतली एक म्हातारी म्हणाली, "आता आलूच हाव तं सांग ना गो बाय. कोन ती मानसा?" तिचं नाव हिराबाई, आयुष्य मिठागरात गेलेलं, हे नंतर कळलं.
टिपणं मिटली. जमीनदार म्हणण्याऐवजी खोत म्हटलं. म्हटलं, खोत शहरात, जमीन त्याची, घाम डोंगरातल्यांचा. मागून कोणीतरी म्हणालं, "आमच्या आज्याचा पन तसाच." पोरी धुणीभांड्याला जायच्या म्हटल्यावर बायका माना डोलवायला लागल्या. धर्माचं कुणाला सांगत नसत म्हटल्यावर एक जण म्हणाला, "सांगून मार कोन खानार!" फौजेत भरती, बढती, आणि शेवटी तो डोंगरातला मुलगा राजवाड्यात - टाळ्या! सीरियातल्या डोंगरकऱ्यांसाठी पेणमध्ये टाळ्या! असा आनंद मला नोकरीच्या एकतीस वर्षांत झाला नाही. मी चक्क नाचायची राहिले होते.
मग हिराबाईने हात वर केला, शाळेतल्यासारखा.
"मंग ती वर गेल्यावं, खाली व्हती त्यांचा काय केला त्यांनी?"
मी म्हटलं, वेळ संपली.
संपली नव्हती. सात मिनिटं होती.

मंगळ. १६ ऑगस्ट
ते कात्रण काढलं. हमा. बारा वर्षांपूर्वी तिथे बंड झालं, त्याच डोंगरातल्या मुलाच्या सरकारने शहरावर फौज घातली, गल्ल्याच्या गल्ल्या सपाट, माणसं किती मेली त्याचा हिशेब कुणी नीट देत नाही. आणि अलवींचे पुष्कळसे खोत याच शहरातले.
मेले ते काय सगळे खोत होते?
दुसरंही दिसतं. डोंगरात अजून तीच गरिबी असलेली घरं आहेत, त्यांना राजवाड्याने काय दिलं? ठपका मात्र सगळ्यांच्या कपाळी. मी यांच्या प्रेमात पडले आणि गोष्ट मला आवडते तिथे थांबवली. मुलांनी असा अर्धा धडा म्हणून दाखवला असता तर मी खाली बसू दिलं नसतं.

शनि. २० ऑगस्ट
काशिनाथ खास रोह्याला आला. सोबत ताज्या जिताडा माशाच्या तुकड्या, माफी म्हणून. त्याच्या गावात बोलावलंय, पुढच्या रविवारी, देवळाच्या मंडपात. "हिराआजी रोज इचारते, ती बाय कवा येनार?"
मी हो म्हटलं. इतक्या पटकन की हे आतून बघायला आले. कालवण फर्मास झालं, दोन घास जास्तच गेले.

शनि. २७ ऑगस्ट, दुपार
उद्या जायचं. सात वेळा लिहिलं, सात वेळा फाडलं. "खोतांच्या जागी खोत झाले" असं लिहिलं, तर डोंगरातल्या त्या गरीब घरांवर अन्याय. "नाइलाज होता" लिहिलं तर हमातल्या बायकांवर. तरी मजेत आहे, का कोण जाणे. सकाळपासून गुणगुणते आहे असं हेच म्हणाले.
शेवटी यांना बसवून म्हणून दाखवलं. सुरुवात एवढीच पक्की आहे - "हिराबाई, त्या दिवशी वेळ संपली नव्हती. मी घाबरले होते."
हे म्हणाले, "आणि उत्तर?"
म्हटलं, नाही.
"मग मीही येतो," म्हणाले, आणि उद्याच्या शर्टाला इस्त्री करायला घेतली.