स्टँड रिकामा केला

प्रिय अनुपम,

तुझा मेसेज मिळाला. नाताळच्या झाडाचा स्टँड रिकामा कर, धू, कोरडा पुसून खोक्यात ठेव, जर्मनीचा आहे, गंजायला नको. सोबत एका गोऱ्या गृहस्थाचा व्हिडिओ. तो हातमोजे घालून हेच करतो आणि मधूनमधून हसतो. इतक्या बारीक सूचना तू अप्पांच्या गोळ्यांबद्दलही कधी पाठवल्या नव्हत्यास. म्हणून म्हटलं, उत्तरही सविस्तर द्यावं.

तर काल शाळेला सुट्टी होती, खोपोलीहून लोधिवलीला गेले. तुझा बंगला छानच आहे हो. गेटवर 'सेरेनिटी' आणि आत तुझा बाप, फुकटचा वॉचमन. अप्पा खोपोलीत शिळफाट्याला माझ्याकडे होते तेव्हा तुला हायवेचा धूर फार खुपायचा. "ताई, अप्पांना शुद्ध हवा हवी गं." हवा आहेच. माणूस तेवढा नाही. बोलायला एक येसूबाई, तीही झाडलोट आटपून घरी पळते.

झाड अजून हॉलमध्येच होतं. कर्जतच्या नर्सरीतलं सुरूचं झाड, खाली न्हाव्याच्या दुकानासारखा पसारा करून उभं. तुझ्या बायकोला, ईशानीला, प्लास्टिकचं चालत नाही, ठाऊक आहे. खोटेपणाची तिला चीड आहे. सणाबद्दल माझं काही म्हणणं नाही. शेजारच्या डिसोझाबाईंचा केक खाऊनच आपण वाढलो. पण त्या पहिला तुकडा घरातल्या म्हाताऱ्यांना द्यायच्या. तू म्हाताऱ्याची खोलीच तुझा मित्र किशोर आणि त्याच्या बायकोला दिलीस, आणि अप्पांची रवानगी हॉलमधल्या दिवाणावर, झाडाच्या शेजारी. सजावटीला शोभलेही असतील. पांढरी दाढी आहेच.

येसूबाईनं झाड धरलं, मी खालचे स्क्रू सैल केले. "ताई, नाक धरा. यापरीस गटार बरं हाय." स्टँडच्या वाटीतलं पाणी शिळ्या चहासारखं. अंगणात ओतलं तर कुजलेल्या काड्या, वळवळणाऱ्या अळ्या, सिगारेटची थोटकं, बाटलीचं बूच. आणि सगळ्यात शेवटी खळ्ळकन फरशीवर पडली ती अप्पांची खालची कवळी.

येसूबाई हसली आणि लगेच तिनं तोंडाला पदर लावला. कवळी रात्री पाण्यात ठेवायची ही त्यांची सवय. त्यांची वाटी खोलीत, खोलीत पाहुणे, दाराला आतून कडी. अंधारात हाताला पाणी लागलं ते झाडाखालचं. सकाळी जाग आली तर झाडाभोवती तुमची मंडळी बसून भेटवस्तू उघडत होती. ज्यानं जन्मभर पोरांपुढे ताठ मानेनं फळा भरला, तो तुमच्या मित्रांसमोर रांगत दात शोधणार? तुम्ही शहरात परतलात तेव्हा त्यांना वाकवेना, आणि येसूबाईला सांगायची लाज.

आता आठव. ईशानीनं मला कौतुकानं फोटो पाठवले होते: अप्पा रुसलेत, एकाही फोटोत हसत नाहीत. तू म्हणालास, वयामुळे हट्टी झालेत, कणसाला हात लावला नाही, चहात पाव बुडवून खातात. शेगडीभोवती इतकी शिकलीसवरलेली माणसं, पण बाबा रे, तोंड का उघडत नाहीस, असं एकालाही विचारावंसं वाटलं नाही. फोनवर त्यांचे शब्द फुसफुसत होते आणि मी रेंजला शिव्या घालत होते.

कवळी उकळत्या नव्हे, कोमट पाण्यात साबणानं धुतली आणि त्यांच्या हातात दिली. लावली, जीभ फिरवली, म्हणाले, "सुरूची चव लागतेय गं." तक्रार एवढीच.

मग मी मागच्या मोरीत स्टँड घासायला बसले. अप्पांनी आतून विचारलं, काय करतेस? त्यांचे कान तुला माहीत आहेत. मी ओरडले, "स्टँड, अप्पा! स्टँडचं बघतेय!" जरा वेळानं दारात आले. अंगात इस्त्रीचा सदरा, पायात बूट, हातात गच्च भरलेली पिशवी. "चल. खोपोलीची गाडी कितीची आहे?"

आपल्याकडे स्टँड म्हणजे एसटीचा. झाडालाही असतो, हे त्यांना कोण सांगणार? इतक्या चटकन पिशवी भरली कशी म्हणून त्यांच्या खोलीत जाऊन पाहिलं. पलंगाखाली जिथे पिशवी ठेवलेली होती, तेवढा चौकोन सोडून सगळीकडे धूळ. पिशवी भरलेलीच होती, अनुपम. कधीपासून, ते मी विचारलं नाही.

म्हणून हे पत्र. मेसेज केला असता तर तू अंगठा दाखवून मोकळा झाला असतास. स्टँड धुतला, पुसला, खोक्यात ठेवला, गंजणार नाही. बंगल्याची किल्ली याच पाकिटात आहे, वॉचमन शोध. अप्पा आता माझ्याकडे राहतील. तुला भेटावंसं वाटलं तर ये, झाड आणू नकोस. ते आत्ता खिडकीशी हायवेच्या धुरात बसलेत आणि भाजलेले शेंगदाणे खातायत. आवाज इथपर्यंत येतोय.

तुझीच, अजून तरी,
ताई