कर्ण्यावर पुकारलेलं नाव

आई,
तुझ्या लेउलूचा नमस्कार. गुडघा बराय, जेवणही भरपूर आहे. बाबांचा खोकला थांबला का?

कॉलेजच्या फुटबॉल हंगामातला शेवटचा सामना जिंकलो. त्याआधी शेवटच्या वर्षाची पोरं आईचा हात धरून मैदानात येतात. इथल्या आपल्या चर्चने तुझं विमानाचं तिकीट देऊ केलं होतं. मीच "तिला जमणार नाही" म्हणालो. तू आपल्या बेटावरच्या रीतीने मला चॉकलेटांचा हार घालून तिथंच गात नाचशील, पोरं हसतील, याची लाज वाटली.

आमच्या संघातल्या ट्रेव्हॉनची आई कारखान्यातून थेट रबरी बूट घालूनच आली. "आई, पळ की, सामना संपेल!" तो हसत ओरडला. अख्खं मैदान टाळ्या वाजवत उभं राहिलं.

मग कर्ण्यावर माझ्याबरोबर तुझंही नाव पुकारलं, यादीत ते तसंच राहिलं होतं. लोक माझ्यामागे तुला शोधू लागले. मीही वळून पाहिलं.

रागाव, पण उत्तर लिही.
तुझा लेउलू