शिष्टमंडळातले अब्बा

अब्बा,

तुम्ही शेठची मोटार चालवत मुंबईला गेलात आणि मी पुढच्या सीटवर तुमच्या शेजारी बसले होते, त्या दिवसाबद्दल आपण दोघं पुन्हा कधी नीट बोललोच नाही. मी विचारलं नाही, तुम्हीही काढलं नाही. आता निगडीच्या या घरात दुपारी सगळे कामावर गेले की एकटी असते, आणि तुमच्याशी बोलायचं राहून गेलेलं एकेक आठवत बसते. घरात आपण आपल्या बोलीत बोलायचो, पण मला लिहायला शिकवलं मराठी शाळेनं, म्हणून हे मराठीत लिहिते आहे. तुम्हाला मराठी वाचायला वेळ लागायचा. लागू दे. आता कसली घाई आहे?

तेव्हा चाकणच्या अड्ड्यावर तुमची एकच सर्व्हिस मोटार, म्हणजे उतारूंची बस, होती. चाकणहून मोशी, भोसरी करत पुण्याला जायची आणि संध्याकाळी परत यायची. टपावर कांद्याची पोती, आत माणसं, आणि पुढे तुम्ही, डोक्याला रुमाल बांधलेले. गाडी भरली की निघायची, भरेपर्यंत उभी राहायची. आणि एके दिवशी बातमी आली की सरकार एकेक रस्ता आपल्या ताब्यात घेणार, आपल्या गाड्या चालवणार, खाजगी मोटारवाल्यांचे परवाने बंद होणार. अम्मी चुलीपुढे भाकरी थापत होती. तिनं एवढंच विचारलं, "मग आपण काय करायचं?" तुम्ही म्हणालात, "संघ आहे ना." मोटारमालकांचा संघ होता. त्याचे अध्यक्ष चिंचवडला राहणारे एक मोठे शेठ. त्यांच्या कितीतरी गाड्या पुणे जिल्हाभर फिरायच्या. शेठ मंत्र्यांना ओळखतात, शेठचे वकील कायदा जाणतात, आणि आपण सगळे एका तोंडानं बोललो तर सरकारला ऐकावं लागेल, असं तुम्ही अम्मीला समजावलंत. तुमच्या आवाजात तेव्हा केवढा भरवसा होता!

संघाचं निवेदन मी लिहिलं. माझं अक्षर चांगलं, आणि मी सातवीची फायनल परीक्षा पास झालेली. वकिलांनी मजकूर सांगितला आणि मी तो स्वयंपाकघरात पाटावर बसून सुवाच्य उतरवून काढला. त्यात एक वाक्य होतं की या भागातील जनता सध्याच्या मोटारसेवेवर पूर्ण समाधानी आहे. त्याखाली लोकांच्या सह्या आणि अंगठे घ्यायचे होते. तुम्ही मला बरोबर घेऊन गावोगाव हिंडलात. मी वाचून दाखवायची, लोक अंगठा द्यायचे. तुम्हाला कोण नाही म्हणणार? रात्री-अपरात्री कुणाचं दुखलंखुपलं तर तुम्ही गाडी काढायचा, हे सगळ्यांना माहीत होतं. निघोज्यात मात्र एक म्हातारेबुवा अडले. ओट्यावर बसून त्यांनी सगळं ऐकून घेतलं, मग मला म्हणाले, "पोरी, समाधानी म्हंजी खूश, व्हय ना?"

"हो, आजोबा."

"मंग आमी कशे खूश? आमच्या गावात तर गाडी येतच न्हाई." मग तुमच्याकडे वळून म्हणाले, "भाई, तुमचा राग न्हाई. पर माजी सून अडली तवा तिला बैलगाडीत घालून चिखलातनं चाकणला न्यावी लागली. वाटंतच गेली ती. सरकारची गाडी हितवर येणार आसंल, तर म्या तिच्या आड कसा येऊ?"

तुम्ही माझ्या हातातली शाईची डबी घेऊन झाकण लावलंत, त्यांना सलाम केलात आणि निघालात. महाळुंग्याच्या वाटेला लागल्यावर मी म्हणाले, "एक अंगठा नसला तर काय होतंय?" तुम्ही एकदम थांबून माझ्याकडे पाहिलंत. "बाई गेली त्यांची," म्हणालात. बस, तेवढंच. पण तो तुमचा आवाज मी त्याआधी कधी ऐकला नव्हता, आणि बराच वेळ मला तुमच्याबरोबरीनं चालायचं धाडस झालं नाही. मागून चालत राहिले.

मंत्र्यांकडे जायच्या शिष्टमंडळात तुम्हाला घ्यायचं शेठनीच ठरवलं. तुम्हाला त्याचा अभिमान वाटला होता, आणि मलाही. नंतर कळलं की त्यामागे हिशेब होता. शेठ वकिलांना म्हणाले होते, "आम्ही गेलो तर मंत्री म्हणतील, पैसेवाले आले. एका गाडीवर पोट असलेला माणूस पुढे उभा राहिला पाहिजे. आणि मुलीलाही आणा. निवेदन तिनंच वाचावं." मला नवा पोशाख घ्यायचं अम्मीच्या मनात होतं, पण वकिलांनी निरोप पाठवला की जुनाच घाला, तुम्हीही जुनाच कोट घाला. अम्मी त्या कोटाच्या कोपराला ठिगळ लावायला बसली, तर तुम्ही म्हणालात, "राहू दे, फाटकाच पाहिजे म्हणतात." आणि आपण तिघंही हसलो. ते हसू आजही आठवतं. त्यात किती भोळेपणा होता!

शेठचा ड्रायव्हर नेमका तापानं पडला, म्हणून त्यांची मोटार तुम्हीच चालवायला घेतलीत. चिंचवड सोडलं, देहूरोड मागे पडलं, आणि मी तुमच्याकडे बघत होते. इतकी मऊ चालणारी गाडी तुमच्या हातात पहिल्यांदाच आली होती. गिअर बदलताना तुम्ही मान किंचित कलती करून इंजिनाचा आवाज ऐकायचा आणि स्वतःशीच खूश व्हायचा. मागे शेठ आणि वकील बोलत होते. पुढे बसलेल्यांना कान असतात, हे ते विसरले असावेत, किंवा आपल्याला कळणार नाही असं त्यांना वाटलं असावं.

वकील म्हणाले, "बसगाड्या सरकार घेणारच. त्यात आता बदल नाही."

शेठ म्हणाले, "माहीत आहे मला. आपण ओरडायचं ते त्यासाठी नाहीच. बस घ्या, पण मालट्रकचे परवाने आम्हाला द्या. जितकं जास्त ओरडू तितके जास्त परवाने."

"आणि लहान मालक?"

"बघू की त्यांचं पुढे."

तुमचे हात चाकावर तसेच होते. घाट उतरला, खोपोलीला चहाला थांबलो, तेव्हा तुम्ही कपबशी खाली ठेवून सरळ शेठना विचारलंत, "शेठ, बस जाणारच असेल, तर मी मंत्र्यांपुढे काय मागायला चाललोय?"

शेठ दचकले नाहीत. ते वाईट माणूस नव्हते, अब्बा, हे मला आता या वयात कळतं. त्यांनी तुमच्या खांद्यावर हात ठेवला. "तुम्हाला उघड्यावर टाकणार नाही, राव. ट्रकचा एक परवाना तुमच्याही नावानं काढू. आज फक्त ठरलंय तसं बोला. लोक खूश आहेत, पोरंबाळं उपाशी मरतील, एवढंच."

तुम्ही "बरं" म्हणालात. मला हायसं वाटलं. खरंच सांगते, मला वाटलं आपलं घर वाचलं.

मंत्र्यांच्या खोलीत पंखा होता, मोठं टेबल होतं आणि भिंतीकडेला एक अधिकारी कागद घेऊन बसलेले. मी निवेदन वाचलं. एकदाही अडखळले नाही. मंत्र्यांनी शांतपणे ऐकलं, मग शेठना सोडून थेट तुम्हाला विचारलं, "काय हो, तुमच्याकडचे लोक खरंच समाधानी आहेत?"

शेठ तुमच्याकडे पाहात होते, वकील छताकडे. मग तुम्ही म्हणालात, "साहेब, पुण्याला जाणारे आहेत. निघोजे, महाळुंगे इकडचे नाहीत. तिकडे रस्ता कच्चा आहे, मी गाडी घालत नाही. मला परवडत नाही. सरकारला परवडेल. गाड्या घेणारच असाल तर तिकडे आधी सुरू करा. आणि आमचे ड्रायव्हर-क्लीनर आहेत, त्यांना कामावर घ्या. मला दुसरं काही मागायचं नाही."

मंत्र्यांनी मान हलवली. अधिकाऱ्यांनी कागदावर काहीतरी लिहिलं. काय लिहिलं कोण जाणे. शेठनी पुढचं बोलणं सफाईनं हातात घेतलं आणि थोड्या वेळात आपण सगळे बाहेर आलो. बाहेर शेठ रागावले नाहीत, आवाजही चढवला नाही. "आम्हाला इथे आणखी कामं आहेत," म्हणाले, "वकीलसाहेब मोटार चालवतील. तुम्ही आगगाडीनं जा." आणि मोटार निघून गेली. आपण दोघं त्या अनोळखी रस्त्याच्या कडेला उभे. तुमचा कोट फाटका, माझ्या हातात निवेदनाची उरलेली प्रत.

मला रडू येत होतं. परवाना गेला, बसही जाणार, अम्मीला काय सांगायचं? वाटलं, तुम्हीही तोच विचार करत असाल. तुम्ही म्हणालात, "वाचताना कागद नाकाला लावत होतीस. डोळे कधीपासून दुखतात?" आणि मला सरळ मुंबईतल्याच एका मोहल्ल्यात राहणाऱ्या मावशीकडे घेऊन गेलात, तिच्या ओळखीचा चष्मेवाला शोधलात, आणि तो काचा बदलून बदलून विचारत असताना माझ्यामागे उभे राहिलात. तो माझा पहिला चष्मा. परतीच्या आगगाडीत मी खिडकीतून डोंगर बघत होते. झाडाचं एकेक पान वेगळं दिसतं, हे मला त्या दिवसापर्यंत ठाऊकच नव्हतं. तुम्हाला दाखवायला वळले, तर तुम्ही बसल्या बसल्या झोपला होतात, तोंड उघडं टाकून, आणि तुमच्या दाढीत किती पांढरे केस झालेत तेही मला तेव्हाच पहिल्यांदा दिसलं.

पुढे सगळं ठरलं होतं तसंच झालं. रस्ता सरकारनं घेतला. शेठना आणि इतर मोठ्या मालकांना मालट्रकचे परवाने मिळाले. तुम्हाला मिळाला नाही. आपल्या क्लीनरला सरकारी गाडीवर नोकरी लागली, तुम्ही मात्र वयात बसला नाहीत. मोटार विकून तुम्ही चाकणच्या नाक्यावर पत्र्याचं गॅरेज टाकलंत, आणि दिवस बरे चालले होते. एकदा शेठचाच ट्रक दुरुस्तीला आला आणि मागून शेठही. मी तुमचा डबा घेऊन आले होते. शेठ स्टुलावर बसून हसत म्हणाले, "तुमच्यावर तेव्हा फार चिडलो होतो, राव. पण खरं सांगू? तुमच्यामुळेच आमचं काम सोपं झालं. मंत्री म्हणाले, तुमच्या संघात खरं बोलणारी माणसं आहेत. मग परवान्यांना फारसा वेळ लागला नाही." त्यांना ते कौतुकच वाटत होतं. तुम्ही पाना हातात धरून उभे होता. ट्रकखाली शिरलात आणि बराच वेळ बाहेर आला नाहीत. डबा गार झाला. मी शेजारी बसून राहिले.

मग एका उन्हाळ्यात निघोज्याला सरकारी गाडी सुरू झाली. तेच म्हातारेबुवा भुईमुगाच्या शेंगांचं गाठोडं घेऊन गॅरेजवर आले. "भाई, तुमी आणली गाडी," म्हणाले. तुम्ही म्हणालात, "मी नाही हो, सरकारनं आणली." ते म्हणाले, "सरकारला सांगाय कुणीतरी गेलंच आसंल की." तुम्ही वाद घातला नाहीत. शेंगा ठेवून घेतल्यात. त्यानंतर फार वर्षं तुम्ही राहिला नाहीत.

आता त्या रस्त्यांवर कारखानेच कारखाने आहेत, अब्बा. कंपन्यांच्या बसेस शिफ्टची माणसं भरून पळतात. महाळुंग्याचं शेत कुठलं आणि कंपनीची भिंत कुठली, ओळखू येत नाही. माझा नातू एका संघटनेत काम करतो. निवेदनं, बैठका, मंत्र्यांच्या भेटी, सगळं तेच. त्यानं एकदा विचारलं, "दादीजान, असं सांगून सरकार खरंच ऐकतं का?" मी त्याला तुमची गोष्ट सांगितली. मंत्र्यांपुढे तुम्ही उभे राहिलात, निघोज्याचं नाव घेतलंत, आणि म्हणून तिथे गाडी आली, असं सांगितलं. शेठचं गॅरेजमधलं बोलणं मी गाळलं. गाडी तुमच्यामुळे आली की फायलीत आधीच ठरलेली होती, हे मला माहीत नाही, आणि कळायला आता कुणी उरलंही नाही. तरी मी ती गोष्ट तशीच सांगते, नातवालाही आणि शेजारणींनाही.

तुम्ही ऐकलं असतंत तर रागावला असतात. खरं सांगायचं तर, सांगताना दर वेळी मी शेवटी जराशी थांबते, तुम्ही मला अडवाल म्हणून.